टबात चार माणसं म्हणजे पूलमध्ये जत्रा

मागच्या दिवाळीत आमच्याकडे चार कुटुंबं जमली होती. मिशिगनमधल्या मंडळींना माहितीच आहे, दिवाळीच्या वीकेंडला इथे बाहेर तीन-चार डिग्री असतं, आणि आमच्या मागच्या डेकवर हॉट टब, त्यात ४० डिग्रीचं पाणी, वाफा निघतायत, मग पोरं कशाला ऐकतायत. आठ जण, आलटून पालटून दोन तास. सकाळीच अभ्यंगस्नान झालेलं, त्यामुळे निम्म्या पोरांच्या डोक्याला तेल आणि एकाच्या कानामागे चक्क उटणं. रात्री जेवणं झाल्यावर आम्ही मोठे बसलो. पाणी कसं होतं म्हणाल तर काचेसारखं, तळाचे स्क्रू मोजून घ्या.

सोमवारी संध्याकाळी पहिला फोन आला, "अगं, आमच्या धाकट्याच्या पोटावर लाल पुरळ उठलंय, चड्डीच्या आत जास्त आहे, फराळात काही होतं का गं?" मग दुसरा, मग तिसरा, आणि तोवर माझ्याही मांडीवर बारीक पुटकुळ्या आलेल्या. डॉक्टरांनी फराळाबद्दल काही विचारलंच नाही, पहिला प्रश्न होता, "घरी हॉट टब आहे का?" स्यूडोमोनास नावाचा बॅक्टेरिया आहे, तो केसांच्या मुळाशी शिरतो, आणि ओला स्विमसूट अंगाला चिकटून बसतो तिथे जास्त त्रास देतो. साधारण आठवड्याभरात आपोआप गेलं सगळ्यांचं. माझी मात्र लाजेने झोप उडाली, कारण चिवड्यावर आळ आला होता आणि दोष निघाला माझ्या टबाचा.

हे घर घेतलं तेव्हा टब घरासोबतच आलेला. आधीचे मालक एक बादलीभर क्लोरीनच्या टॅब्लेट ठेवून गेले होते आणि सांगून गेले होते की एक टॅब्लेट त्या तरंगणाऱ्या डबीत टाकायची, संपली की दुसरी, बाकी काही बघायला लागत नाही. मी वर्षभर तेच केलं. त्यात काय चुकलं ते समजून घ्यायला मला पुढचे दोन महिने लागले, ते इथे एकदाच लिहून टाकते, कारण आता आपल्या इथल्या मराठी ग्रुपवर निम्म्या लोकांनी टब घेतलेत आणि सगळे एकमेकांना "पाणी क्लिअर आहे ना, मग झालं" असंच सांगत असतात.

पहिल्यांदा हे डोक्यात बसवा की हॉट टब म्हणजे छोटा स्विमिंग पूल नाही. आमच्या टबात ३५० गॅलन पाणी मावतं, म्हणजे साधारण १३०० लिटर. त्यात चार माणसं बसली की माणशी सव्वातीनशे लिटर. आता २० हजार गॅलनचा घरगुती पूल घ्या आणि त्याच हिशोबाने माणसं भरा, सव्वादोनशेच्या वर होतात, म्हणजे घरच्या पूलमध्ये अख्खी गावजत्रा उतरवल्यासारखं. वर हे लोक गरम पाण्यात घाम गाळतायत, अंगाचं तेल, क्रीम, डिओ, स्विमसूटमधला साबण, आणि लहान मुलं असतील तर बाकीचं मी लिहीत नाही. हे सगळं त्या तेराशे लिटरमध्ये, आणि ते पाणी आपण उद्या परत वापरणार असतो, परवा पण, पुढचे दोन-तीन महिने.

दुसरं म्हणजे उष्णता. ४० डिग्री आपल्याला छान वाटतं आणि जंतूंनाही. लेजिओनेला नावाचा जो प्रकार आहे त्याला साधारण २५ ते ४५ डिग्रीचं पाणी मानवतं, म्हणजे आपला टब त्याच्यासाठी अगदी मापाचा. पुरळ आलं तर खाजवून सोडून देता येतं, हा मात्र फुप्फुसात जातो. आणि यासाठी पाणी प्यावं लागत नाही, टबात बसावंही लागत नाही, जेटमुळे, म्हणजे टबात जोरात पाणी सोडणाऱ्या तोट्यांमुळे, पाण्याचे बारीक तुषार उडतात ते श्वासातून आत गेले की पुरे.

खोटं वाटत असेल तर नेदरलँड्समधली गोष्ट ऐका. १९९९ च्या फेब्रुवारीत बोव्हेनकार्स्पेल नावाच्या गावात फुलांचं मोठं प्रदर्शन भरलं होतं, शेजारच्या हॉलमध्ये घरगुती वस्तूंचे स्टॉल, त्यात विकायला म्हणून पाणी भरून चालू ठेवलेले हॉट टब. कोणी आंघोळ करत नव्हतं त्यात, नुसतं शोसाठी, त्यामुळे औषध नीट घालायचं कुणाच्या मनातही आलं नसावं. लोक शेजारून चालत गेले, फुलं बघून घरी गेले. दोनशेपेक्षा जास्त माणसं आजारी पडली आणि किमान ३२ दगावली. ट्युलिप बघायला गेलेली माणसं! बरं हे एकदाच झालं असंही नाही, २०१९ मध्ये अमेरिकेतच नॉर्थ कॅरोलायनाच्या एका मोठ्या जत्रेत हॉट टबच्या स्टॉलजवळून गेलेल्या लोकांमध्ये हेच झालं, शंभराच्या वर आजारी, चार मृत्यू.

या लेजिओनेला जंतूचं नाव पडलं फिलाडेल्फियामुळे. १९७६ च्या जुलैमध्ये तिथल्या बेलव्ह्यू-स्ट्रॅटफर्ड हॉटेलात अमेरिकन लीजन या माजी सैनिकांच्या संघटनेचा मेळावा होता, घरी गेल्यावर लोक न्यूमोनियाने जायला लागले, २९ गेले, आणि सहा महिने कोणालाच कळेना कशाने. १९७७ च्या जानेवारीत सीडीसीला, म्हणजे अमेरिकन सरकारच्या साथरोग संस्थेला, तो बॅक्टेरिया सापडला. मग त्यांनी जुने जपून ठेवलेले रक्ताचे नमुने काढून तपासले, तर हाच पाहुणा १९६८ मध्ये आमच्या मिशिगनच्या पॉन्टिअ‍ॅक गावात येऊन गेला होता, तोही कुठे, तर सरकारी आरोग्य खात्याच्या इमारतीत, एसीमधून. तिथे ताप आणि अंगदुखीवर भागलं, कोणी दगावलं नाही, म्हणून त्या सौम्य प्रकाराला पॉन्टिअ‍ॅक फीवरच म्हणतात. आमच्या घरापासून अर्ध्या तासावर आहे ते गाव, आम्ही तिथून शंभरदा गेलोय आणि मला हे माहितीच नव्हतं.

घाबरवायचं म्हणून नाही सांगत. पण पन्नाशीच्या पुढचे, सिगरेट ओढणारे, दमा किंवा फुप्फुसाचं काही असलेले लोक तुमच्या टबात बसत असतील, आणि सासू-सासरे इंडियाहून आले की आपण त्यांना पहिलं तिथेच बसवतो, तर हे माहीत असलेलं बरं. टबात बसल्यानंतर दोन दिवस ते दोन आठवड्यांत ताप-खोकला आला तर डॉक्टरांना हॉट टबबद्दल आपणहून सांगा, औषध आहे त्याच्यावर, फक्त त्यांच्या लक्षात यायला हवं.

आता मुख्य गोष्ट. ती मला कुठल्या वेबसाइटने नाही, बाबांनी समजावली.

बाबा जिल्हा परिषदेत आरोग्य सेवक होते, तीस वर्षं खेडोपाडी फिरले, विहिरीत टीसीएल पावडर, म्हणजे ब्लीचिंग पावडर, टाकायला लावणं आणि नंतर नळाच्या पाण्याची ओटी घेणं ही त्यांची कामं. तुमच्यापैकी गावाकडच्यांनी ती ओटी टेस्ट पाहिली असेल, छोट्या नळीत पाणी घ्यायचं, दोन-चार थेंब टाकायचे, पिवळं झालं की क्लोरीन आहे. व्हिडिओ कॉलवर मी त्यांना रडकथा सांगितली, म्हटलं, "बाबा, टॅब्लेट तर होती हो आत, अर्धी शिल्लक होती." ते म्हणाले, "अगं, टाकलंस किती ते मला सांगू नकोस. उरलं किती ते सांग. आमचा शिपाई पण हेच म्हणायचा, साहेब सकाळीच टीसीएल टाकलंय. टाकलं असेल रे बाबा, पण नळाला पिवळं येत नाही ना."

बस, एवढंच आहे हे सगळं शास्त्र. पाण्यात घाण असते ती आधी क्लोरीन खाते. तिची भूक भागल्यावर जो शिल्लक राहतो तो क्लोरीन जंतू मारतो. त्या शिल्लक भागाला इथे फ्री क्लोरीन म्हणतात. आपल्याकडे पिण्याच्या पाण्यात नळापाशी ०.२ पीपीएम, म्हणजे लिटरमागे ०.२ मिलीग्रॅम, शिल्लक असला की पास. हॉट टबसाठी सीडीसी म्हणते किमान ३ पीपीएम, म्हणजे पंधरा पट, आणि क्लोरीनऐवजी ब्रोमीन वापरत असाल तर किमान ४. हे आपण बसायच्या आधी तर हवंच, बसलेलो असताना पण हवं, आणि उठल्यानंतर रात्रभर पण हवं. माझ्या टॅब्लेटने काय केलं असेल बघा, ती बिचारी थेंब थेंब विरघळत होती, दिवसाला थोडासा क्लोरीन देत होती, दुपारी आठ पोरांनी तो पहिल्या पंधरा मिनिटांत संपवला असणार आणि मग रात्री आम्ही सहा मोठे माणसं कोमट रश्श्यात बसलो.

यातच तो वासाचा घोटाळा आहे. "आमच्या टबाला क्लोरीनचा मस्त वास येतो, म्हणजे स्वच्छ," हे वाक्य मी कितीदा ऐकलंय. उलटं आहे हो. घामातल्या आणि लघवीतल्या नायट्रोजनवाल्या गोष्टींशी क्लोरीन जोडला गेला की क्लोरामाइन बनतं, त्याला कम्बाइन्ड क्लोरीन म्हणतात, तो डोळे चुरचुरवणारा वास त्याचा असतो. म्हणजे क्लोरीन अडकून पडला, कामाचा राहिला नाही. नाकाला झोंबणाऱ्या टबाला कमी नाही, जास्त क्लोरीन लागतो, एकदा दणकून घालायचा म्हणजे तो सगळं जाळून टाकतो, यालाच शॉक करणं म्हणतात. नीट सांभाळलेल्या टबाला जवळपास वासच येत नाही.

मग घालायचा किती? इथले जुने टबवाले एक ढोबळ हिशोब वापरतात आणि मला तो एकदम पटला, कारण तो माणसांवर चालतो, वारांवर नाही. साडेतीनशे गॅलनच्या गरम टबात एक माणूस एक तास बसला की साधारण ७ पीपीएम क्लोरीन खर्च होतो. तेवढा भरून काढायला डायक्लोर नावाची दाणेदार पावडर असेल तर साडेतीन छोटे चमचे, साधं ६ टक्क्यांचं ब्लीच असेल तर १५० मिली, म्हणजे आपला चहाचा कप. दोघं अर्धा अर्धा तास बसलात तर तोच एक तास झाला. आता माझ्या दिवाळीचं बिल काढा, सरासरी चार पोरं दोन तास म्हणजे आठ तास, म्हणजे २८ चमचे, मोठ्यांचे वेगळे. आणि मी काय घातलं होतं, शून्य चमचे, कारण टॅब्लेट होती ना. हे घालायचं कधी, तर उठल्या उठल्या, टॉवेल गुंडाळण्याआधी. सकाळी बघू म्हटलं की रात्रभर ते पाणी उपाशी, आणि दूध रात्री तापवायचं विसरून सकाळी तापवण्यात काय अर्थ आहे ते तुम्हाला माहितीये. रात्री घातलेला जास्तीचा क्लोरीन दुसऱ्या संध्याकाळपर्यंत उतरून तीन-पाचवर येतो. कोणी बसलं नाही तरी रोज काही भाग उडतोच, ओझोन वायूने पाणी साफ करणारा टब असेल तर अजून जास्त, त्यामुळे आम्ही आठवडाभर गावाला गेलो की शेजारच्या मुलाला पैसे देऊन क्लोरीन घालून घेते, झाडांना पाणी तसं टबाला ब्लीच.

आता डायक्लोरची एक गंमत आहे, गंमत कसली, सापळा आहे. डायक्लोर आणि त्या टॅब्लेट, म्हणजे ट्रायक्लोर, यांच्यात क्लोरीनसोबत सायान्यूरिक अ‍ॅसिड पण असतं, लोक नुसतं सीवायए म्हणतात. उघड्या पूलमध्ये ते कामाचं, क्लोरीनला उन्हापासून सांभाळतं. पण सांभाळतं म्हणजे धरून ठेवतं, सोडतच नाही पटकन. बँकेत पैसे आहेत पण सगळे एफडीत, रिक्षावाल्याला द्यायला खिशात सुट्टे नाहीत, तसं. पाणी तपासायची पट्टी ५ पीपीएम दाखवते आणि जंतू निवांत. आणि क्लोरीन खर्च होतो, सीवायए होत नाही, ते साचत जातं. डायक्लोरमधून १० पीपीएम क्लोरीन घातला की ९ पीपीएम सीवायए मागे राहतं. रोज एक माणूस-तास धरा, रोजचे सहा, दोन आठवड्यांत ऐंशीच्या वर, पाणी बदलल्याशिवाय जात नाही. माझं तर वर्षभराचं साचलेलं. सीडीसीचा सरळ सल्ला आहे की हॉट टबमध्ये सीवायएवाले प्रकार वापरूच नका. घरगुती टबवाल्यांमध्ये बरेच जण नवीन पाण्यात पहिले काही दिवस डायक्लोर घालतात, सीवायए २०-३० झालं की कायमचं साध्या ब्लीचवर येतात. मी आधी तसंच करायचे, आता पहिल्या दिवसापासून ब्लीच. ब्लीच म्हणजे वासवालं नको, घट्ट केलेलं नको, आणि गॅरेजमध्ये दोन उन्हाळे पडलेलं पण नको, त्याची ताकद जाते.

पीएच, म्हणजे पाणी आम्लाकडे झुकलंय की अल्कलीकडे त्याचं माप. या शब्दाला लोक घाबरतात, तर एवढंच लक्षात ठेवा की क्लोरीन पाण्यात दोन रूपांत असतो, एक मारकुटं आणि एक आळशी, आणि कुठलं किती ते पीएच ठरवतं. पीएच ७ ला साधारण पाऊण भाग मारकुटा, साडेसातला निम्मा, ८ ला जेमतेम पाव. म्हणजे पट्टीवर क्लोरीन तेवढाच, पण पीएच आठवर गेला तर काम निम्म्याहून कमी. ७.० ते ७.८ मध्ये ठेवायचा, मी ७.४ च्या आसपास ठेवते. आता टबात हा पीएच सतत वरच जातो आणि मला वाटायचं मीच काहीतरी चुकतेय. तसं नाही, जेट आणि बुडबुडे सुरू केले की पाण्यातला कार्बन डायऑक्साइड निघून जातो, सोड्याची बाटली उघडून हलवल्यासारखा, आणि तो गेला की पीएच चढतो. म्हणून एकतर बसून झालं की हवेचे नॉब बंद करा, दुसरं म्हणजे अल्कलिनिटी, म्हणजे पाण्यातला सोड्यासारखा क्षार, कमी ठेवा, ५० ते ८० पीपीएममध्ये, कारण तो गॅस येतो तिथूनच. अल्कलिनिटी फार कमी झाली तर खायचा सोडा, पीएच फार चढला तर ड्राय अ‍ॅसिड, म्हणजे आम्लाची पावडर. हार्डनेस, म्हणजे पाण्याचा जडपणा, दीडशे-दोनशे पीपीएमच्या आसपास असला की हीटरवर क्षार पण बसत नाही आणि फेस पण कमी येतो, यापेक्षा जास्त त्याचा विचार मी करत नाही.

टेस्ट कशाने करायची? पट्ट्या सोप्या, रोजच्या अंदाजाला ठीक, पण सीलबंद ठेवा, ओल्या हाताने डबीत बोटं घातली की अख्खी डबी गेली. मी थेंबांचं किट घेतलं आणि बाबा उन्हाळ्यात आले तेव्हा त्यांनी ते ताब्यातच घेतलं. दहा मिली पाणी घ्यायचं, त्यात चिमूटभर पावडर, पाणी रानी कलर होतं, मग एकेक थेंब टाकत हलवत राहायचं, रंग एकदम जातो त्या थेंबाला थांबायचं. एक थेंब म्हणजे अर्धा पीपीएम. मग दुसरी बाटली, चार-पाच थेंब, परत गुलाबी झालं तर तेवढा कम्बाइन्ड क्लोरीन, तो अर्ध्या पीपीएमच्या आत हवा. बाबा चष्मा कपाळावर चढवून नळी खिडकीच्या उजेडात धरून मोजायचे, "आठ, नऊ, दहा... गेला बघ. पाच आहे." आणि मग, "आमच्या ओटीत हे फ्री आणि अडकलेलं असं वेगळं कळायचं नाही हां, हे भारी आहे." एक धोका सांगते, नुसत्या रंग जुळवायच्या किटमध्ये क्लोरीन खूप जास्त असेल तर तो रंगच ब्लीच करून टाकतो आणि शून्य दिसतो. शून्य बघून तुम्ही अजून ओतता. घालून पण शून्यच येत असेल तर नमुन्यात साधं पाणी मिसळून परत बघा.

आता किळसवाणा भाग, जेवताना वाचत असाल तर नंतर वाचा. टबातलं पाणी आपल्याला दिसतं, पाइपमधलं दिसत नाही. जेटच्या मागे कितीतरी फूट पाइप असतात, त्यात पाणी साचून राहतं, आणि आतल्या बाजूला बुळबुळीत थर धरतो, बायोफिल्म. बेसिनच्या जाळीखाली बोट फिरवलं की लागतं ना, तेच. जंतू त्या थराखाली घर करून राहतात, वरून क्लोरीन गेला तरी त्यांना फारसं काही होत नाही, आणि तुम्ही पाणी बदलून नवीन भरलं की दोन दिवसांत परत हजर. पाणी बदलल्यावर पण क्लोरीन टिकत नसेल तर संशय याच्यावर घ्यायचा. पाणी काढायच्या आधी जुन्या पाण्यातच पाइप साफ करायचं औषध घालून जेट चालवायचे. मी पहिल्यांदा केलं तेव्हा वीस मिनिटांनी वर तपकिरी फेस आला, त्यात चहावरच्या सायीसारखे काळपट तुकडे, कडेला चिकटत होते, आणि एक असा वास, पावसाळ्यात बंद राहिलेल्या मोरीचा. नवरा दारात उभा होता, तो म्हणाला, "यात आपण बसत होतो?" मी काही बोलले नाही. तीनदा केलं तेव्हा फेस पांढरा यायला लागला. नवीन टब घेतला तरी हे एकदा कराच, कारण फॅक्टरीत पाणी भरून टेस्ट केलेलं असतं आणि त्यातलं थोडं पाइपमध्ये राहून जातं.

पाणी कधी बदलायचं त्याचा पण हिशोब आहे, गॅलनला ३ ने भागा, मग रोज बसणाऱ्या माणसांनी भागा, तेवढे दिवस. आमचं ३५० भागिले ३ भागिले २, अठ्ठावन्न दिवस. फिल्टर दर एक-दोन आठवड्यांनी पाइपच्या धारेखाली घड्या उघडून धुवायचा, चहाची गाळणी दोन महिने न धुता वापरतो का आपण. काढलेलं पाणी रस्त्याच्या पावसाळी गटारात सोडू नका, ते थेट ओढ्यात जातं आणि क्लोरीनने मासे मरतात. झाकण उघडं ठेवून क्लोरीन शून्य होऊ द्या, मग सोडा.

ब्रोमीनबद्दल विचारतात लोक. चांगलं आहे, गरम पाण्यात टिकतं, पीएच थोडा वर गेला तरी काम करतं, आणि घामाशी जोडलं गेलं तरी क्लोरीनसारखं निकामी होत नाही, फक्त महाग आणि कायमचा एक वेगळा वास. सॉल्टवाला टब म्हणजे क्लोरीन नाही असं सेल्समन सांगतात, त्यातल्या बऱ्याच सिस्टीम मिठापासून क्लोरीनच बनवतात, शिल्लक मोजावीच लागते. ओझोन आणि यूव्ही जोडीला ठीक, पण ते पाणी मशीनमधून जाताना तेवढ्यापुरतं काम करतात, शेजारी बसलेल्या माणसाच्या अंगावरून आलेला जंतू तुमच्यापर्यंत यायला मशीनमधून जात नाही. तांब्या-चांदीच्या त्या काड्या मिळतात, पूर्वजांचं शहाणपण वगैरे, त्यांच्या भरवशावर राहू नका.

आणि हे नीट वाचा. ब्लीच आणि अ‍ॅसिड कधी एकत्र करायचं नाही, त्यातून क्लोरीन वायू निघतो, हेच बाथरूम धुताना इंडियात लोक करतात आणि खोकत बाहेर पळतात. दोन वेगवेगळ्या प्रकारचे कोरडे क्लोरीन एका डब्यात किंवा एकाच चमच्याने नको, पेट घेऊ शकतात. औषध पाण्यात घालायचं, औषधावर पाणी ओतायचं नाही. घातल्यावर जेट चालू आणि झाकण पंधरा-वीस मिनिटं उघडं. पाच वर्षांखालच्या मुलांना टबात बसवू नका असं सीडीसी म्हणते, आणि गरोदर असाल तर आधी डॉक्टरांना विचारा. पाणी १०४ फॅरनहाइटच्या वर न्यायचं नाही, म्हणजे ते ४० डिग्री.

या दिवाळीला मी बाथरूमच्या दारावर कागद लावलाय, "आधी शिकेकाई, मग टब". पोरं हसतात. पण तेलामुळे कडेला जो राखाडी चिकट पट्टा बसायचा तो गेला, आणि क्लोरीन कमी लागतो हे चमच्यांत मोजून दिसतंय.

जानेवारीत इंडियात गेलो होतो तर सगळ्यांनी मिळून लोणावळ्याला एक व्हिला घेतला दोन दिवस. जाहिरातीत "प्रायव्हेट जकुझी". जकुझी हे खरं तर कॅलिफोर्नियातल्या इटालियन भावांचं आडनाव, त्यांच्यातल्या एकाने सांधेदुखीवाल्या आपल्या मुलासाठी आंघोळीच्या टबात टाकायचा पंप बनवला, आता आपल्याकडे बुडबुडे आले की सगळं जकुझीच. असो. पाणी छान निळं दिसत होतं, टाइल्सच निळ्या होत्या. मी हात घालून कडेची भिंत चोळली, बुळबुळीत. मग पर्समधली पट्टी काढून बुडवली, पंधरा सेकंद मोजले. केअरटेकर दादा वाकून बघत होते, म्हणाले, "मॅडम, शुगर चेक करताय का?" क्लोरीनचा चौकोन पांढराच्या पांढरा. विचारलं पाणी कधी बदललं, तर "कालच्या पार्टीच्या आधीच टँकर आलाय, एकदम फ्रेश आहे." कालच्या पार्टीला किती जण होते म्हटलं, तर पंधरा-सोळा असतील.

बाबांनी काठावर खुर्ची ओढली आणि पोरांना सांगितलं, "चला रे, भजी खाऊ."